योलचं चाक आणि कुडलची तुळई

(सोलापुरात दिलेल्या व्याख्यानाचं संपादित शब्दांकन)

मंडळी, सुरुवात घरातूनच करतो. मागं आमच्या एका नातेवाइकांनी मोबाइलवर एक भलीमोठी पीडीएफ पाठवली. जगातल्या सगळ्या भाषा मराठीतून निघाल्या आणि तसं एका प्राचीन पवित्र ताडपत्री ग्रंथात लिहून ठेवलंय, असा तिचा दावा. खाली ओळ होती: ‘अभिजात दर्जा मिळाला, आता हेही जगाला सांगा.’ मी फोन करून विचारलं, मूळ ग्रंथ कुठं आहे? ते म्हणाले, ‘पुरात गेला की. नक्कल आहे ना!’

पूर हा शब्द ऐकला आणि मला हसू फुटलं. कारण दीडशे वर्षांपूर्वी नेदरलँड्समध्ये हाच पूर येऊन गेलाय.

डेन हेल्डर नावाचं बंदर आहे. तिथं नौदलाच्या गोदीत कॉर्नेलिस ओवर दे लिंडेन नावाचे गृहस्थ नोकरीला होते. 1867 साली त्यांच्याकडचं एक बाड लोकांपुढं आलं. आत्याकडून मिळालं, पिढ्यान्‌पिढ्या घराण्यात जपलंय, असं ते सांगत. भाषा जुनी फ्रिसियन (नेदरलँड्सच्या उत्तरेकडची बोली) वाटावी अशी, लिपी कुणी कधी न पाहिलेली. याला ‘ओएरा लिंडा’ म्हणतात. बाडाच्या सुरुवातीला घराण्यातल्या हिद्दे नावाच्या पूर्वजाचं मुलाला पत्र आहे. तो म्हणतो, आपली पुस्तकं पुरात भिजली, म्हणून मी ती परदेशी कागदावर उतरवून काढली, जिवापाड जप. साल 1256. म्हणजे मूळ प्रत मागायची सोयच ठेवली नाही!

आता आतला मजकूर बघा. अटलांड नावाची भूमी इसवीसनापूर्वी 2194 च्या सुमारास समुद्रात बुडाली, तिथून या फ्रिसियन लोकांची कालगणना. तीन आदिमाता: लिडा, फिंडा आणि फ्रिया. अक्षरं कुठून आली? तर ‘योल’ नावाच्या सहा आऱ्यांच्या चाकातून. त्या चाकाच्या आऱ्या आणि कडेचे तुकडे घेऊन एकेक अक्षर पाडलंय. फिनिशियन, ग्रीक या सगळ्यांनी पुढं ती यांच्याकडूनच उचलली, असा दावा. शेजारी आकडेही दिलेत. आणि त्यात शून्य! आपल्यासारख्या माणसाला एवढं पुरे आहे. शून्य कुठून कुठं आणि किती रमतगमत गेलं, हे आपण शाळेत शिकलोय. पण या ग्रंथात ते जहाजावरून उतरल्यासारखं आयतं हजर.

आपणही यात आहोत बरं का. यांचे लोक म्हणे पंजाबात येऊन राहिले आणि अलेक्झांडरच्या ताफ्याबरोबर परत गेले. काश्मीरचा एक महापुरुष आहे, त्याच्या नावांमध्ये ‘क्रिस-एन’ हेही एक. आणि रोमनांचा समुद्रदेव नेपच्यून? तो यांचा ‘नेफ तुनिस’, म्हणजे तुनिस नावाचा चुलतभाऊ. आपल्या कट्ट्यावर कुणी असलं काही बोललं तर लोक ‘काय बे!’ म्हणून उठून जातील. तिकडं मात्र यान ऑटेमा नावाच्या जाणत्या माणसानं 1872 साली याचं डच भाषांतर छापलं. शेवटपर्यंत त्यानं ग्रंथाची बाजू सोडली नाही, टीका मात्र सोसली नाही. 1879 साली त्यानं स्वतःचा जीव घेतला. बाडाचा कागद तेराव्या शतकातला नव्हताच. यंत्रावर बनलेला, एकोणिसाव्या शतकातला, वरून जुना दिसावा म्हणून रंगवलेला.

हे केलं कुणी? गोफे येन्स्मा या अभ्यासकाच्या मते यामागं फ्रांस्वा हावरश्मिट हा धर्मोपदेशक असावा, सोबत भाषापंडित एल्को फरवाइस आणि खुद्द ओवर दे लिंडेन. मूळ हेतू थट्टेचा. त्या काळी तिथल्या चर्चमध्ये बायबलचं अक्षरन्‌अक्षर खरं मानायचं की नाही, यावर भांडण पेटलं होतं. लोकांना आधी एक पवित्र ग्रंथ गिळायला द्यायचा आणि मग म्हणायचं, बघा, तुम्ही कसे गिळता! पण ‘बघा’ म्हणायची वेळ निघून गेली. पुढं 1933 साली हेर्मान विर्टनं जर्मनीत त्याची आवृत्ती काढली. गोरी फ्रिया श्रेष्ठ, बाकीच्या दोघी कमी, हे वाचून हिमलरसारख्या नाझी पुढाऱ्यांना तर गोडच वाटलं. थट्टा कुठल्या घरात जाऊन बसली बघा.

यातलं साल मला फार आवडतं. 1866 साली पॅरिसच्या भाषाशास्त्र मंडळानं नियमच केला की भाषेच्या उगमावर कुणाचाही निबंध घेणार नाही. पुरावा नसताना नुसत्या कल्पना लढवून मंडळी दमली होती. शहाण्यांनी दार लावलं आणि पुढच्याच वर्षी हे बाड बाहेर आलं. योगायोगच, पण बोलका. ज्या प्रश्नाला उत्तर नाही, त्याचं उत्तर लिहिणारा कुणीतरी भेटतोच.

मग खरा जुना मजकूर कसा असतो? ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलातलं एकाहत्तरावं सूक्त घ्या. वाणी कशी जन्मली, हाच त्याचा विषय. तिथं चाक नाही, आऱ्या नाहीत. तिथं म्हटलंय, सातू चाळणीतून चाळावा तशी धीर माणसांनी मनानं वाणी घडवली. अहो, चाळण! आपल्या आयांच्या हातातली. आणि गंमत पुढं आहे. चाळणीला तिथं ‘तितउ’ म्हटलंय. संस्कृतात एकाच शब्दाच्या पोटात अ आणि उ असे दोन स्वर शेजारी शेजारी सहसा बसत नाहीत, ते मिसळून ओ होतो. म्हणून अभ्यासकांना हा शब्द बोलीतून आत शिरलेला वाटतो. म्हणजे शुद्ध वाणी चाळायला बसले आणि चाळणच शेजारच्या घरून आणली! बनावट ग्रंथ लिहिणाऱ्याला हे कधी सुचत नाही. तो घर झाडून-पुसून ठेवतो. ज्या काळात तो लिहितो, त्या काळाचे सगळे प्रश्न त्याच्याकडं सुटलेले असतात. खरा जुना मजकूर आपल्या प्रश्नांना विचारत नाही. पुराणकथेला मी बनावट म्हणत नाही, हेही सांगून ठेवतो. पुराणकथा आजी सांगते, ती कागद काढून दाखवत नाही.

आपल्या गावाचंच घ्या. सोळा गावं मिळून सोलापूर, हे आपण लहानपणापासून ऐकलंय. मोजून सोळा, काय देखणा हिशेब! पण सिद्धरामेश्वरांच्या काळातलं नाव सोन्नलगे. जुन्या लेखांत सोनलीपूर, सोनलपूर, संदलपूर अशी रूपं सापडतात. त्यात सोळा कुठंच नाही. कन्नड, मराठी, तेलुगू, उर्दू बोलणाऱ्या माणसांच्या या गावात एखादं नाव किती तोंडांतून फिरून आलं असेल! पूर्व भागातल्या मागावर उभा-आडवा धागा दिसतो तरी. शब्दातला आडवा धागा दिसत नाही.

शेवटी कुडलबद्दल बोलतो. दक्षिण सोलापूर तालुक्यातलं हत्तरसंग कुडल, भीमा-सीनेचा संगम. तिथं बहुमुखी शिवलिंग बघायला माणसं जातात, बघतात, फोटो काढतात, परत येतात. संगमेश्वर मंदिरातल्या तुळईकडं मान वर करून फार थोडे बघतात. तिथं शके 940 म्हणजे इसवीसन 1018 चा लेख आहे, मराठीच्या अगदी जुन्या लेखांपैकी एक. आपल्या सोलापूरच्या आनंद कुंभारांनी तो उजेडात आणला. किती लांब? दोन-अडीच ओळी. त्याच्या शेवटी आहे ‘वाछि तो विजेया होइवा’. वाचील तो विजयी होईल. मराठी कुठून आली, किती थोर, कुणाची आई, याबद्दल एक अक्षर नाही. संस्कृतातलं काही, बोलीतलं काही, असं एकत्र खरडल्यासारखं. कोरणाऱ्याला बहुधा माहीतच नसेल की आपण काही जुनं लिहितोय.

आमच्या नातेवाइकांना मी तो फोटो पाठवला. त्यांचं उत्तर आलं, ‘एवढंच?’

हो, एवढंच. जाल तेव्हा बॅटरी घेऊन जा आणि उजेड सरळ नका मारू, बाजूनं तिरपा टाका. अक्षरं मग दगडातून वर येतात.