उजेडाची भिंत उभी कशी राहते? गुपित राखेत आहे

नमस्कार, साताऱ्याहून बोलतेय. ‘उजेडाचे गवंडी’ ही माझी गोष्ट चॅनलवर सुरू केल्यापासून एकच प्रश्न येतोय. ताई, ती माणसं उजेडाची भिंत बांधतात म्हणजे करतात काय? भिंग कुठलं वापरतात?

नवीन आलेल्यांसाठी दोन वाक्यांत सांगते. ही मंडळी काल्पनिक आहेत. दिवसा गवंडीकाम, कासारकाम करतात आणि ठरलेल्या दुपारी एका जुन्या विहिरीत गुपचूप जमून उजेडाचे खांब, कमानी, भिंती उभारतात. हत्यारं तीनच: भोक, आरसा, पाणी. उजेड सरळ जातो, आरशावर ज्या कोनात पडतो त्याच कोनात परततो, हे सगळ्यांचं शाळेत झालंय. पुढे चला.

आता खरी गोम. उजेड बाजूने दिसत नाही.

तुम्ही गोष्टीवरून चित्रं काढून पाठवता. मी एकेक चित्र जपून ठेवलंय, पण जवळजवळ प्रत्येकात स्वच्छ हवेत झगझगीत पट्टा काढलेला असतो. एका दादांनी लिहिलंय, ‘फॅन्टसी आहे, चालतंय की.’ नाही चालत, दादा. उजेड आपोआप दिसला असता, तर माझ्या गोष्टीतल्या पोरीनं गुरूकडे बारा वर्षं कशाला काढली असती?

माझ्या आजीचं घर वाईच्या बाजूला. कौलारू. सकाळी कौलाच्या फटीतून ऊन यायचं आणि शेणानं सारवलेल्या जमिनीवर एक ठिपका पडायचा. नुसता ठिपका, मधे काही नाही. मग आजी चूल पेटवायची, धूर वर चढायचा, आणि फटीपासून जमिनीपर्यंत तिरका खांब उभा! मी त्याला मिठी मारायला धावायचे. आजीनं मागचं दार उघडलं की धूर बाहेर, खांब गायब. ठिपका मात्र जागच्या जागी. म्हणजे उजेड आधीही होता, नंतरही होता. धुराचे कण त्याला अडवून थोडासा माझ्या डोळ्यांकडे वळवत होते, तेवढाच मला दिसत होता.

अजून पटत नसेल तर चंद्राकडे बघा. तिथं भर दिवसाही आकाश काळं असतं. ऊन लख्ख पडतं, पण वाटेत हवाच नाही, मग ते विखुरणार कोण?

आणि तरीही शंका असेल तर आज रात्री करून बघा. खोलीत अंधार करा, मोबाईलच्या टॉर्चवर भोक पाडलेला पुठ्ठा धरा, खाली उदबत्ती लावा. धूर आला की पट्टा दिसेल, उदबत्ती बाहेर नेली की जाईल. पीठ मात्र उधळू नका. जवळ ज्योत असली तर हवेतलं पीठ भडकतं.

म्हणून या मंडळींचं गुपित भिंगात नाही, राखेत आहे. वस्त्रगाळ राख. जाडी राख लगेच खाली बसते, बारीक हवेत तरंगत राहते. कमी पडली तर भिंत दिसत नाही, जास्त झाली तर राखच उजेड गिळते आणि नुसतं धुकं उरतं. पहिली चार वर्षं शिष्याच्या हातात आरसा देतच नाहीत, फक्त चाळायला फडकं देतात. हा भाग लिहिताना मी स्वतः चुलीतली राख जुन्या धोतरातून गाळली, तेव्हा कुठे ते पान जमलं.

विहीर कुठली, हेही विचारता. मनात आपली साताऱ्याजवळच्या लिंब गावची बारा मोटांची विहीरच आहे. १७१९ ते १७२४ या काळात विरूबाई भोसल्यांनी बांधून घेतलेली, साधारण ११० फूट खोल, आत चक्क महाल. गोष्टीत मी तिच्यासारख्याच एका विहिरीच्या तोंडावर घोंगड्या ताणल्या आणि मधे रुपयाएवढं भोक ठेवलं. भोक चौकोनी पाडा नाहीतर तिकोनी, इतक्या खाली ठिपका गोलच पडतो, कारण ती सूर्याचीच प्रतिमा असते. ११० फुटांवर ती साधारण फूटभर रुंद होते. आणि सूर्य सरकतो, त्यामुळे दोन मिनिटांत ठिपका स्वतःच्या रुंदीएवढा बाजूला जातो. यांचा खांब एका जागी तेवढाच टिकतो. दोन मिनिटं! कृपा करून खऱ्या विहिरीत राख टाकायला जाऊ नका, तिला जपा.

कोल्हापूरच्या किरणोत्सवाबद्दल विचारणाऱ्या काकू, तुमचा प्रश्न मला फार आवडला. हो, जातकुळी तीच. नोव्हेंबरात ९ ते ११ आणि पुन्हा ३१ जानेवारी ते २ फेब्रुवारी, मावळतीची किरणं अंबाबाईच्या गाभाऱ्यात जातात. दोन्ही वेळा २१ डिसेंबरपासून, म्हणजे सूर्य सगळ्यात दक्षिणेला असतो त्या दिवसापासून, जवळपास सारख्याच अंतरावर आहेत, कारण सूर्य दक्षिणेकडे जाताना आणि परतताना त्याच जागी मावळतो. तिथं बांधणाऱ्यांनी उजेडाला हलवलं नाही, दगड त्याच्या वाटेत बरोबर बसवले.

आपल्या साताऱ्यात १०-११ मेच्या सुमारास, दुपारी साडेबाराच्या आसपास सूर्य थेट डोक्यावर येतो. त्या वेळी उभ्या काठीला सावली नसते आणि ऊन विहिरीत सरळ तळापर्यंत उतरतं. पुढचा भाग त्याच दुपारी घडतो. पोरगी शेवटच्या पायरीवर राखेचं फडकं घेऊन बसलीय, बारा वाजून पंचवीस मिनिटं झालीत, आणि यवतेश्वरच्या डोंगराच्या बाजूनं वळवाचा ढग वर येतोय.