'देतो ना' म्हटल्यानं मुदत थांबत नाही

श्रोतेहो, नमस्कार. दिवाळीनंतर वेचणीचा कापूस घरात थप्पीला लागला की खेडा खरेदीची गाडी दारात येते. थोडे पैसे रोख, बाकीचे होळीला. होळी जाते, पोळा जातो. विचारलं की उत्तर ठरलेलं, "देतो ना भाऊ, कुठी पळून चाललो का?" माणूस ओळखीचा असतो, म्हणून आपणही गप्प बसतो. दिवाणी न्यायालयात वकिली करताना अशी कितीतरी माणसं माझ्याकडे उशिरा आलेली मी पाहिली. त्यांचे पैसे खरोखरच येणं असतात, हिशोबही खरा असतो, पण दावा लावायची मुदत निघून गेलेली असते.

ही मुदत १९६३ च्या मुदत कायद्यात ठरवून दिली आहे. विकलेल्या मालाच्या पैशासाठी तीन वर्षं. होळीला द्यायचं ठरलं असेल तर त्या होळीपासून, काहीच ठरलं नसेल तर माल दिल्यापासून. हातउसन्या पैशालाही तीनच वर्षं. मुदत संपल्यावर दावा आला, तर समोरच्यानं तोंड उघडलं नाही तरी न्यायाधीशांना तो फेटाळावाच लागतो. कलम ३ तसं सांगतं. दया दाखवायला तिथं जागा नाही. अपिलात ती आहे. जिल्हा न्यायालयात अपील ३० दिवसांत, उच्च न्यायालयात ९० दिवसांत करायचं असतं आणि उशिराचं सबळ कारण पटलं तर कलम ५ खाली न्यायालय तो माफ करू शकतं. मूळ दाव्याला हे कलम लागूच होत नाही. गरीब माणसाला हा नियम फार कठोर पडतो, असं मला मनापासून वाटतं. पण वीस वर्षांनी साक्षीदार राहत नाही, चिठ्ठी वाळवी खाते, हेही खरं आहे.

मग मुदत वाढते कशानं? फोनवरच्या बोलण्यानं नाही, वकिलाच्या साध्या नोटिशीनं नाही, पोलिसांत तक्रार दिल्यानंही नाही. ती वाढते सहीनं. तीन वर्षं पूर्ण व्हायच्या आत समोरच्यानं "इतके रुपये देणं बाकी आहे" असं लिहून सही केली, की त्या तारखेपासून नवी तीन वर्षं सुरू होतात. थोडी रक्कम दिली तरी तसंच, पण तीही मुदतीच्या आतच मिळायला हवी आणि दिल्याची नोंद देणाऱ्याच्या अक्षरात किंवा सहीची हवी. इथंच आपली माणसं फसतात. पाच हजार हातात घेतात, मोजतात, खिशात घालतात, आणि कागदावर काहीच नसतं. मुदत उलटून गेल्यावर नुसतं "बाकी आहे" लिहून भागत नाही. तेव्हा "ती जुनी रक्कम मी देईन" असं स्पष्ट वचन सहीनिशी लागतं; करार कायद्याच्या कलम २५ मध्ये त्याची सोय आहे.

वावराचा ताबा मागायला बारा वर्षं मिळतात. शेजाऱ्यानं धुरा सरकवून, ही जमीन माझीच असं उघडपणे म्हणत बारा वर्षं कसली आणि तुम्ही दावा लावला नाही, तर तुमचा त्या तुकड्यावरचा हक्कच संपतो. म्हणून मोजणीची नक्कल आली की ती पेटीत ठेवून देऊ नका. भावाभावांतलं, संमतीनं कसायला दिलेलं वावर मात्र वेगळं. तिथं नुसता ताबा पुरत नाही.

काही सवलतीही आहेत. शेवटचा दिवस सुटीत आला तर न्यायालय उघडेल त्या दिवशी दावा चालतो. चुकीच्या न्यायालयात प्रामाणिकपणे लढण्यात गेलेला वेळ वजा होतो. फसवणुकीनं गोष्ट लपवली असेल तर ती कळल्यापासून, किंवा नीट चौकशी केली असती तर कळली असती तेव्हापासून मुदत धरतात. बापामागं राहिलेलं पोर अज्ञान असेल तर ते सज्ञान झाल्यावर मुदत मोजतात, पण ही सवलत तीन वर्षांपलीकडे जात नाही. आणि सवलत मागायची असेल तर तिचं कारण दाव्यातच लिहावं लागतं.

फीची अडचण असेल तर तालुक्याच्या न्यायालयात विधी सेवा समिती आहे. स्त्रिया, अनुसूचित जाती-जमातीचे लोक आणि ठरलेल्या मर्यादेच्या आत उत्पन्न असणाऱ्यांना तिथं वकील मोफत मिळतो. फोन १५१०० वर करता येतो. जाताना चिठ्ठी, सातबारा, बँकेचं पासबुक, जे असेल ते घेऊन जा, आणि माल किंवा पैसे कोणत्या तारखेला दिले ते आधी सांगा.