दोन पटांचा हिशेब: बर्डीपासून कॉन्डोरपर्यंत

गोल्फमधली नावे पाठ करायला पाच मिनिटे लागतात. एक कमी ती बर्डी, दोन कमी तो ईगल, तीन कमी तो अल्बाट्रॉस, एक जास्त ती बोगी. एवढे पाठ झाले की विषय संपला असे पुष्कळांना वाटते. पण ही नावे कशाच्या तुलनेत कमी-जास्त आहेत, ते नीट समजले नाही तर मैदानावर त्यांचा काही उपयोग होत नाही. म्हणून आज सुरुवात पारपासून करू.

पार म्हणजे निष्णात खेळाडूने एक होल, म्हणजे टी या सुरुवातीच्या जागेपासून झेंडा रोवलेल्या भोकापर्यंतचा टप्पा, पूर्ण करायला अपेक्षित असलेले स्ट्रोक, म्हणजे फटके. ते ठरवताना मुख्यतः होलची लांबी बघतात. पुरुषांसाठीच्या मार्गदर्शक तक्त्यात पार तीन २६० यार्डांपर्यंत, पार चार २४० ते ४९० आणि पार पाच ४५० ते ७१० यार्डांपर्यंत असतो; महिलांसाठी हे आकडे कमी आहेत. हद्दी एकमेकींवर चढतात, कारण चढ-उतार आणि अडथळेही धरायचे असतात. मात्र यातली खरी गोम पुढे आहे. प्रत्येक पारमध्ये ग्रीनवरचे, म्हणजे भोकाभोवतीच्या बारीक कापलेल्या गवतावरचे, दोन पट (बॉल घरंगळवत भोकाकडे नेणारे हलके फटके) गृहीत धरलेले असतात. पार तीनवर एका शॉटमध्ये ग्रीन आणि दोन पट. पार चारवर दोन शॉट आणि दोन पट. पार पाचवर तीन शॉट आणि दोन पट.

आता नावे पुन्हा बघा. ठरलेल्या शॉटमध्ये ग्रीन गाठले आणि दोनऐवजी एकच पट लागला, की बर्डी. ग्रीन एक शॉट आधी गाठले आणि पटही एकच लागला, की ईगल. पार पाचवरचा अल्बाट्रॉस म्हणजे दुसराच शॉट होलमध्ये: एक शॉट वाचला आणि दोन्ही पट वाचले. पार तीनवरचा होल-इन-वन, म्हणजे पहिल्याच फटक्यात बॉल होलमध्ये, हा ईगलच, तिथेही दोन्ही पट वाचतात. कुठलाही नीचांकी स्कोअर समोर आला की विचारा, यात पट किती वाचले आणि शॉट किती वाचले? सरावात कुठे वेळ घालायचा, ते या एका प्रश्नातून बऱ्यापैकी कळते.

नावांचा इतिहास थोडक्यात सांगतो, कारण बोगीच्या बाबतीत एक गोंधळ कायम असतो. १८९० मध्ये इंग्लंडमधल्या कॉव्हेंट्रीच्या ह्यू रॉदरहॅम यांनी कल्पना मांडली की प्रत्येक होलला एक ठरावीक आकडा असावा आणि खेळाडूने त्याच्याशी सामना खेळावा. ग्रेट यार्मथच्या खेळाडूंनी या अदृश्य प्रतिस्पर्ध्याला तेव्हा गाजत असलेल्या एका गाण्यातल्या बागुलबुवाचे, म्हणजे बोगीचे नाव दिले. (रेल्वेच्या बोगीशी या शब्दाचा संबंध नाही.) तेव्हा बोगी हा चांगल्या खेळाडूचा स्कोअर होता. पुढे रबराच्या गाभ्याचे बॉल आले, ते लांब जाऊ लागले, आणि १९११ मध्ये अमेरिकेच्या गोल्फ संघटनेने अंतरानुसार पारचे कडक आकडे ठरवले. पार खाली सरकला, बोगी जुन्या जागी राहिली, आणि एकेकाळचा चांगला स्कोअर 'एक जास्त' ठरला. बर्डी हा शब्द विसाव्या शतकाच्या उंबरठ्यावर अमेरिकेतल्या अटलांटिक सिटीत रूढ झाला. तिथल्या बोलीत उत्तम गोष्टीला 'बर्ड' म्हणत. मग पक्ष्यांची माळच लागली. अल्बाट्रॉसला अमेरिकेत 'डबल ईगल' म्हणतात, पण ते हिशेबात बसत नाही: दुप्पट ईगल म्हणजे चार कमी व्हायला हवेत, इथे तर तीनच कमी आहेत. अल्बाट्रॉस हे नाव मला जास्त योग्य वाटते. या पक्ष्याच्या बहुतेक जाती दक्षिण गोलार्धातल्या समुद्रांवरच फिरतात, आपल्या किनाऱ्यावरून तो सहसा दिसत नाही. स्कोअरकार्डावरही तो तसाच क्वचित दिसतो.

आता बर्डी. ती पटवर अवलंबून आहे, म्हणून होलच्या कडेशी काय घडते ते बारकाईने पाहू. होलचा व्यास १०८ मिलिमीटर, बॉलचा साधारण ४२.७. सरळ मध्यावरून आलेला बॉल आत पडायचा तर पलीकडच्या कडेला लागण्याआधी तो निदान आपल्या निम्म्या उंचीइतका, म्हणजे २१ मिलिमीटर खाली गेला पाहिजे. एवढे पडायला सेकंदाचा साधारण पंधरावा भाग लागतो. तेवढ्या वेळात त्याला पुढे सरकायला मिळतात फक्त ८७ मिलिमीटर. भागाकार केला की वेग निघतो सेकंदाला सुमारे १.३ मीटर, म्हणजे माणूस नेहमीच्या चालीने चालतो तेवढाच. त्याहून वेगात आलेला बॉल अगदी मध्यावरून आला तरी पलीकडची कड धडकून उडू शकतो. आणि मध्य सोडून बाजूने आला तर त्याला ओलांडायचे अंतर आणखी कमी, म्हणून मुभाही कमी. जोरात मारलेल्या पटसाठी होल जणू आक्रसतो; हळू येणाऱ्यासाठी तो पूर्ण रुंद असतो. पण फार हळू मारला तर बॉल पोहोचतच नाही, किंवा शेवटच्या हातभर अंतरात उताराला शरण जातो. म्हणून वेग असा ठेवा, की चुकला तर बॉल होलच्या पुढे फूट-दीड फुटावर थांबेल.

अपेक्षाही वास्तवातल्या हव्यात. आठ फुटांवरून जगातले उत्तम व्यावसायिक खेळाडूसुद्धा साधारण निम्मेच पट घालतात. वीस फुटांवरून सातांत एखादा. तेव्हा वीस फुटांवरची बर्डी हुकली तर ती चूक नव्हे. तो पट ईर्ष्येने सहा फूट पुढे घालवून तीन पट करणे ही चूक. लांब पटमध्ये दिशेपेक्षा अंतर जास्त चुकते, म्हणून खेळापूर्वीची दहा मिनिटे तीस-चाळीस फुटांवरून केवळ वेगाचा अंदाज घेण्यात घालवा. होलही नको, ग्रीनच्या कडेपर्यंत बॉल नेऊन थांबवा.

बर्डीचे पट जवळून मिळायचे तर आयर्नचा, म्हणजे ग्रीनकडे मारायच्या धातूच्या चपट्या तोंडाच्या काठीचा, शॉट जवळ थांबला पाहिजे, आणि हौशी खेळाडूंची बहुतेक सगळी चूक एकाच दिशेला असते: बॉल तोकडा पडतो. कारण ते आपल्या सर्वोत्तम शॉटचे अंतर धरून क्लब, म्हणजे मारायची काठी, निवडतात. यावर उपाय आहे. सराव मैदानावर एका क्लबने दहा बॉल मारा. सर्वांत लांब गेलेले दोन आणि सर्वांत आखूड पडलेले दोन सोडा. उरलेल्या सहांच्या हवेतल्या अंतराची सरासरी काढा. तोच तुमचा आकडा, तो लिहून ठेवा. ग्रीन पुढून मागे तीस यार्ड खोल असेल तर झेंडा पुढे आहे की मागे, यावर दोन-तीन क्लबांचा फरक पडतो. 'दीडशे यार्ड' हा आकडा ग्रीनच्या मध्यापर्यंतचा आहे की झेंड्यापर्यंतचा, हे कॅडीला, म्हणजे काठ्या वाहणाऱ्या मदतनिसाला, विचारल्याशिवाय क्लब काढू नका.

होल-इन-वनकडे येऊ. हौशी खेळाडूसाठी अमेरिकेत नेहमी सांगितला जाणारा अंदाज आहे साडेबारा हजारांत एक. त्यात नशीब मोठे आहे, पण ते सगळीकडे सारखे नसते. अमेरिकेतल्या ऑगस्टा मैदानाचा सोळावा होल बघा: १७० यार्डांचा पार तीन, डावीकडे पाणी. तिथल्या मास्टर्स स्पर्धेच्या शेवटच्या दिवशी झेंडा बहुधा डावीकडच्या खालच्या भागात असतो. ग्रीनचा उजवा भाग उंच आहे. खेळाडू झेंड्यावर नेम धरतच नाहीत. ते झेंड्याच्या बरेच उजवीकडे, उताराच्या माथ्याजवळ बॉल टाकतात. बॉल क्षणभर थांबल्यासारखा वाटतो, मग डावीकडे वळतो आणि उतार त्याला होलकडे घेऊन येतो. त्या होलवर वीसहून अधिक होल-इन-वन झाले आहेत. आपल्या गोल्फ क्लबच्या पार तीनवरही असे उतार असतात. कुठे टाकला की कुठे घरंगळतो, ते ग्रीनवर उभे राहून एकदा बघून ठेवा.

होल-इन-वनच्या नियमांबाबत तीन गोष्टी माहीत हव्यात. बॉल झेंड्याच्या काठीला टेकून थांबला आणि त्याचा थोडा जरी भाग होलच्या कडेखाली असला, तर २०१९ पासून तो आत गेलेला धरतात. दुसरे, टीवरून मारलेला बॉल दिसेनासा झाला तर शोधायला तीन मिनिटे असतात. झुडपे धुंडाळण्याआधी होलमध्ये डोकवा. पहिला बॉल तिथे सापडला, तर तुम्ही नंतर दुसरा मारलेला असला तरी होल पहिल्याच स्ट्रोकला संपलेला असतो. तिसरे, पार तीनवर पहिला शॉट पाण्यात गेला, एक दंड घेतला आणि पुन्हा टीवरून मारलेला बॉल थेट होलमध्ये गेला, तर स्कोअर होतो तीन. कितीही टाळ्या पडोत, तो पार आहे.

पार पाचवरच्या ईगलचा निर्णय दुसऱ्या शॉटला होतो. समजा होल ४८० यार्डांचा आहे आणि ड्राइव्ह, म्हणजे टीवरचा पहिला लांब फटका, २४० गेला. उरले २४०. तुमचा तीन नंबरचा वूड (लांब फटक्यांची जाड तोंडाची काठी) हवेत दोनशे यार्ड जात असेल तर ग्रीन गाठण्याचा प्रश्नच नाही. उरतो तो प्रश्न असा, की तिसरा शॉट कुठून मारायचा. 'शंभर यार्ड माझे आवडते अंतर' म्हणून मुद्दाम मागे थांबण्याची सवय बहुतेकांना महागात पडते. मध्ये पाणी किंवा बंकर, म्हणजे वाळूचा खोल खड्डा, नसेल तर जितके जवळ जाता येईल तितके जा. चाळीस यार्डांवरून बॉल शंभरपेक्षा सरासरीने जवळच थांबतो. ग्रीन आवाक्यात असेल तेव्हा बघायचे ते चुकलेला शॉट कुठे पडेल ते. सपाट गवतात पडणार असेल तर मारा. पाण्यात पडणार असेल, तर एका ईगलच्या आशेपायी पदरात दोन-तीन डबल बोगी, म्हणजे पारपेक्षा दोन जास्त, येतात.

आपल्याकडे यात हंगामही धरावा लागतो. पावसाळ्यात फेअरवेवर, म्हणजे टी आणि ग्रीनमधल्या कापलेल्या गवतावर, बॉल घरंगळत नाही, पडतो तिथेच रुततो. त्यामुळे छोट्या पार चारचे ग्रीन एका शॉटमध्ये गाठायचा बेत सोडून द्यावा. पण त्याच दिवसांत ग्रीन मऊ असते, आयर्नचा बॉल पडतो तिथे थांबतो, आणि झेंड्याच्या दिशेने धीटपणे खेळता येते. एप्रिल-मेमध्ये नेमके उलट: फेअरवे टणक, ड्राइव्ह लांब, पण ग्रीनवर पडलेला बॉल मागे निसटतो, म्हणून ग्रीनच्या पुढच्या कडेशी टाकावा.

अल्बाट्रॉसचे सर्वांत प्रसिद्ध उदाहरण १९३५ चे, ऑगस्टाचेच. शेवटच्या फेरीत चार होल बाकी असताना जीन सॅराझेन तीन स्ट्रोकने मागे होते. पंधरावा होल पार पाच. २३५ यार्डांवरून त्यांनी चार नंबरच्या वूडने मारलेला दुसरा शॉट होलमध्ये गेला. तीन स्ट्रोकची पिछाडी एका फटक्यात भरून निघाली, बरोबरी झाली आणि दुसऱ्या दिवशी बरोबरी फोडण्यासाठी झालेल्या ३६ होलच्या प्लेऑफमध्ये ते जिंकले. २०१२ मध्ये लुई ऊस्टहाइझन यांनी तिथल्याच दुसऱ्या होलवर २५३ यार्डांवरून चार नंबरच्या आयर्नने अल्बाट्रॉस केला; पण ते प्लेऑफमध्ये हरले. दोघांनीही ग्रीन गाठण्यासाठीच मारले होते, हे मला महत्त्वाचे वाटते. पार पाचचे ग्रीन दोन शॉटमध्ये वारंवार गाठणाऱ्यालाच दोन्ही पटही वाचण्याची शक्यता असते.

कॉन्डोर म्हणजे चार कमी. नोंदलेली उदाहरणे हाताच्या बोटांवर मोजण्याइतकी आहेत, आणि प्रत्येकामागे काहीतरी वेगळी परिस्थिती आढळते. १९६२ मध्ये अमेरिकेतल्या आर्कान्सामध्ये लॅरी ब्रूस यांनी ४८० यार्डांच्या, वळण असलेल्या पार पाचवर झाडांवरून थेट मारून एका शॉटमध्ये होल संपवला. २००२ मध्ये माइक क्रीन यांनी डेन्व्हरजवळ ५१७ यार्डांवर तेच केले. डेन्व्हर पाच हजार फुटांवर आहे आणि तिथल्या विरळ हवेत बॉल साधारण सहा टक्के लांब जातो. या स्कोअरसाठी सराव करता येत नाही.

आणि शेवटी कार्ड. बर्डीभोवती एक गोल, ईगलभोवती दोन, बोगीभोवती चौकोन, ही खूण आपल्या सोयीसाठी असते. नियमाला फक्त त्या चौकटीतला आकडा कळतो. १९६८ च्या मास्टर्समध्ये रॉबर्टो दे व्हिचेन्झो यांनी शेवटच्या फेरीत सतराव्या होलवर तीन स्ट्रोकची बर्डी केली. मार्करने, म्हणजे त्यांचे कार्ड लिहिणाऱ्या सोबतच्या खेळाडूने, चार लिहिले. त्यांनी कार्डावर सही केली आणि चार कायम राहिले, कारण खऱ्यापेक्षा जास्त लिहिलेला आकडा सहीनंतर तसाच धरतात. कमी लिहिलेला असता तर ते स्पर्धेतून बाद झाले असते. ६५ ची फेरी ६६ ठरली, बॉब गोल्बी एका स्ट्रोकने जिंकले, आणि दुसऱ्या दिवशीचा प्लेऑफ झालाच नाही. तेव्हा फेरी संपली की मार्करसोबत बसा, त्याला एकेक होल मोठ्याने वाचायला सांगा, आणि तुम्ही आपल्या आठवणीतला प्रत्येक स्ट्रोक मोजत त्याच्याशी ताडून बघा. बेरीज जमली नाही तरी चालते, ती समिती करते. अठरा चौकटींतले अठरा आकडे मात्र बरोबर हवेत, आणि सही त्यानंतर.