उभं राहिल्यावरची पहिली तीन मिनिटं

[पलंगाची कड. पाय जमिनीवर टेकतात.]

मध्यरात्री लघवीची घाई होते. माणूस झोपेतून ताडकन उठतो, दोन-चार पावलं टाकतो. कानांत दडे बसतात, डोळ्यांपुढे अंधारी येते, आणि शुद्ध येते तेव्हा तो जमिनीवर असतो. सकाळी बीपी मोजलं तर अगदी ठीक. 'अशक्तपणा असेल' म्हणून विषय मिटतो.

तो मिटायला नको. कारण बीपी मोजलं ते खुर्चीत बसवून, आणि माणूस पडला होता उभा राहिल्यावर. उभं राहताच बीपी उतरण्याच्या या प्रकाराला डॉक्टर 'ऑर्थोस्टॅटिक हायपोटेन्शन' म्हणतात.

[शरीराचं रेखाचित्र. रक्त पायांकडे उतरतं.]

आपण उठून उभे राहिलो की साधारण अर्धा ते पाऊण लिटर रक्त पायांतल्या आणि पोटातल्या शिरांमध्ये उतरतं. हृदयाकडे परतणारं रक्त घटतं, म्हणजे मेंदूकडे चढणारंही घटतं. हे सगळ्यांचंच होतं, दिवसातून कितीतरी वेळा. तरी आपण पडत नाही. मानेत, जबड्याच्या कोनाखाली, मुख्य धमनीला दोन फाटे फुटतात. तिथल्या भिंतीत ताण ओळखणारी मज्जातंतूंची टोकं असतात. ताण सैलावला की मेंदूच्या तळाशी निरोप जातो आणि उलट हुकूम सुटतो: रक्तवाहिन्या आवळा, ठोके वाढवा. काही सेकंदांत दाब सावरतो. आपल्याला पत्ताही लागत नाही.

जुलाब, ताप, रक्तस्राव, उन्हातलं काम यांत मुळात रक्ताचं आकारमानच घटलेलं असतं. मग हुकूम सुटूनही भागत नाही. जुना मधुमेह किंवा कंपवात असेल तर हुकूम नेणारे मज्जातंतूच निकामी झालेले असू शकतात. हा फरक नाडीवर बोट ठेवून बराचसा कळतो. पाणी कमी पडलेल्याची नाडी उभं राहताच धावू लागते. मज्जातंतूंचा दोष असेल तर बीपी कोसळतं आणि नाडी जवळजवळ जागची हलत नाही. १९२५ साली ब्रॅडबरी आणि एगल्स्टन या डॉक्टरांनी नेमके असेच तीन रुग्ण वर्णन करून ठेवले.

आणि गोळ्या! उतारवयात पहिला संशय त्यांच्यावर घ्यावा. बीपीच्या, लघवी वाढवणाऱ्या, प्रोस्टेटच्या, नैराश्यावरच्या काही. मात्र त्या मनाने बंद करायच्या नाहीत. यादी डॉक्टरांपुढे ठेवायची.

[बीपीचा पट्टा दंडावर. रुग्ण आडवा.]

तपासणी सोपी आहे, फक्त वेळ काढावा लागतो, आणि गर्दीच्या ओपीडीत नेमका तोच मिळत नाही. पाच मिनिटं आडवं झोपवून बीपी घ्यायचं. मग उभं करून एका मिनिटाला आणि तिसऱ्या मिनिटाला. झोपून १३०/८०, उभं राहून १०४/७२. वरचा आकडा २० किंवा खालचा १० ने उतरला, की निदान झालं.

कुणी असं पडलं की लोक त्याला उचलून खुर्चीत बसवतात. मायेपोटी केलेलं, पण उलटं. त्याला आडवंच राहू द्या, पाय थोडे वर धरा. मेंदूला रक्त मिळतं आणि बहुतेकदा मिनिटाभरात शुद्ध येते.

पुढच्या वेळी उठताना आधी पलंगाच्या कडेला बसायचं, पावलं वरखाली हलवायची, मग आधार धरून उभं राहायचं. उभ्याउभ्या गरगरलं तर पायावर पाय तिढा घालून मांड्या आवळायच्या. तेवढ्यानेही दाब चढतो. ते जमत नसेल तर सरळ खाली बसायचं, लाजायचं नाही.

पण झोपलेलं असताना, किंवा जिना चढताना, धावताना शुद्ध गेली असेल, आधी छातीत दुखलं किंवा धडधडलं असेल, तर हा तो प्रकार नव्हे. तिथे संशय हृदयावर जातो, आणि ईसीजी त्याच दिवशी काढायचा असतो.