माळ्यावरची स्टिक

नमस्कार श्रोतेहो. तुमच्यापैकी कुणाच्या तरी घरी माळ्यावर जुन्या ट्रंकेच्या मागे एखादी हॉकी स्टिक पडलेली असेल, माझी पण होती. लग्न होऊन या घरात आले तेव्हा सामानातून आणली होती, आणि मग कित्येक वर्षं ती पावसाळ्यात मागच्या दाराला अडसर म्हणून लागायची. आज मी ५२ वर्षांची आहे आणि गेल्या वर्षी तो अडसर काढून मी त्याला नवीन ग्रिप लावली, आज त्याबद्दलच बोलायचंय.

शाळेत आम्ही सड्यावर खेळायचो. जांभ्या कातळावर बॉल कुठे उडेल याचा नेम नाही, ११ पोरी आणि स्टिका सात, मी लेफ्ट आउट, म्हणजे पुढच्या फळीत डावीकडे. हॉकीचं वेड वडिलांकडून आलं, १९७५ ला क्वालालंपूरला आपण पाकिस्तानला २-१ हरवून वर्ल्ड कप जिंकलो ती फायनल त्यांनी रेडिओवर ऐकलेली आणि ते ती आम्हाला इतक्या वेळा सांगायचे की मला वाटायचं मी पण ऐकलीय. कॉलेजात युनिव्हर्सिटीपर्यंत गेले. नंतर नोकरी, संसार, पोरं, आणि एक दिवस लक्षात आलं की शेवटची मॅच कधी खेळले तेच आठवत नाही.

मग २०२५ च्या जूनमध्ये कॉलेजातल्या मैत्रिणीचा फोन आला. म्हणाली अगो, चेन्नईत हॉकी इंडियाने मास्टर्स कप भरवलाय, पहिलाच, पुरुष चाळिशीच्या वरचे आणि बायका पस्तिशीच्या वरच्या. मी म्हटलं पस्तिशीच्या वरच्या म्हणजे आपण पण? तिथून मी शोधायला लागले आणि हे केवढं मोठं जग आहे ते तेव्हा कळलं.

वर्ल्ड मास्टर्स हॉकी म्हणून संस्था आहे, एफआयएचची, म्हणजे आंतरराष्ट्रीय हॉकी महासंघाची मान्यता असलेली, आणि तिचा वर्ल्ड कप दर दोन वर्षांनी होतो. २०१८ ला स्पेनमध्ये झाला, २०२४ ला केपटाउन आणि ऑकलंडला. ३५ पासून सुरुवात, मग ४०, ४५, ५० असे पाच-पाच वर्षांचे गट, साठीच्या पुढचे ते ग्रँड मास्टर्स, आणि पुरुषांमध्ये ८० च्या वरचा गटसुद्धा आहे. ८० च्या वर, देशाची जर्सी घालून!

मला यातली सगळ्यात आवडलेली गोष्ट सांगते. आपल्याकडे वाढदिवस आला की माणूस म्हणतो, चला अजून एक वर्ष गेलं. इथे उलटं आहे, ५४ वर्षांचा खेळाडू पन्नाशीच्या गटात सगळ्यात म्हातारा असतो, पुढच्या वर्षी ५५ झाला की पुढच्या गटात जातो आणि तिथे तोच सगळ्यात तरुण, पायात सगळ्यात जास्त जोर त्याच्याच. मला पण आता ५५ ची ओढ लागलीय, खरंच सांगते.

आणि हॉकी बदललीय ती आपल्या सोयीचीच झालीय. पूर्वी सबस्टिट्यूट एकदा आत आला की बाहेर गेलेला परत यायचा नाही, १९९२ पासून रोलिंग सबस्टिट्यूशन आहे, म्हणजे पाच मिनिटं जीव तोडून पळायचं, बेंचवर बसून श्वास घ्यायचा, परत जायचं, कितीही वेळा. नव्वदच्या दशकात ऑफसाइड पण गेला, म्हणजे बचाव करणाऱ्यांच्या पुढे जाऊन बॉलची वाट बघायची नाही तो नियम, त्यामुळे माझ्यासारखी फॉरवर्ड 'डी'च्या, म्हणजे गोलसमोरच्या अर्धवर्तुळाच्या तोंडाशी थांबू शकते, सारखं मागे-पुढे धावायला नको. हे मला कुणी आधी सांगितलं असतं तर दहा वर्षं आधी स्टिक काढली असती.

आता शरीराचं. मी पहिल्या दिवशी उत्साहाच्या भरात धावले आणि पोटरी धरली, तीन आठवडे पाखाडी उतरताना कठडा धरून उतरत होते. हॉकीत वाकून पळायचं असतं, कंबर, मांडीची मागची शीर, घोटा, सगळ्यावर ताण येतो. म्हणून आधी महिनाभर नुसतं चाला, मग थोडं धावा, वॉर्मअप टाळू नका, बीपी-शुगर तपासून घ्या, आणि शिनगार्ड घातल्याशिवाय बॉलसमोर जाऊ नका. टर्फ, म्हणजे कृत्रिम गवताचं मैदान, कोकणात आमच्या आसपास नाही, त्याची सवय करायची तर मुंबई-पुण्याला जावं लागतं, रात्रीची ट्रेन आणि सकाळी मॅच असं आम्ही दोनदा केलं. टर्फवर पाणी मारलेलं असतं, बॉल सरळ आणि सुसाट येतो, सड्यावर घडलेले हात पहिली दहा मिनिटं नुसते गोंधळतात.

खर्चाचं पण सांगायला हवं. बाहेरच्या देशांतून वर्ल्ड कपला येणारे बरेचसे खेळाडू तिकीट, राहणं, किट सगळं स्वतःच्या खिशातून करतात, त्यासाठी दोन-दोन वर्षं पैसे साठवतात. आपल्याला केपटाउन लगेच जमणार नाही हे मलाही कळतं, पण मास्टर्स कपसाठी राज्याच्या संघाची निवड चाचणी आहे ना, तिथपर्यंत तर जाता येईल, आणि त्या चाचणीला कोकणातून एक तरी बाई असावी एवढं मला फार मनापासून वाटतं.

शेजारच्या काकी परवा म्हणाल्या, अगो पन्नाशी उलटली नि आता कसली काठी घेऊन धावतेस? मी त्यांना रविवारी सड्यावर घेऊन गेले. त्या गडग्यावर बसून बघत होत्या, आणि बॉल बाहेर गेला की पहिल्या उठायच्या आणायला.

आम्ही सध्या नऊ जणी आहोत. रविवारी सकाळी साडेसहाला, पाऊस नसेल तर. तुमची स्टिक माळ्यावरून काढाल तेव्हा ग्रिप आधी सोडवून बघा, आपल्या दमट हवेत आतून बुरशी धरते, आणि लाकडाला चीर गेलेली नाही ना तेही बघा.