किती माठ भाजले म्हणजे भागलं?

(दृश्य: कर्नाटकातल्या बेळगाव जिल्ह्यातला खानापूर तालुका. पडवीत ओळीनं सुकत ठेवलेले कच्चे माठ.)

खानापूरची तांबडी माती कौलांसाठी पूर्वीपासून नावाजलेली. खादी-ग्रामोद्योग आयोगाची कुंभारकाम शिकवणारी केंद्रीय संस्थाही याच गावात आहे. आपण मात्र थांबलोय एका घरामागच्या भट्टीपाशी. उन्हाळा तोंडावर आलाय, माठाला गिऱ्हाईक आहे, आणि घरच्या बाईंना एवढंच कळून हवंय: या खेपेला किती माठ भाजले म्हणजे घातलेला पैसा तरी निघेल?

मुलगा मराठी शाळेत दहावीला. वहीचं मागचं पान त्यानं या कामाला काढलंय. (आकडे आपण हिशेबाला सोपे जातील असे धरलेत.)

भट्टी एकदा पेटली की आत शंभर माठ असोत नाहीतर सव्वाशे, लाकूड तेवढंच जळतं. त्याचे 4,200 रुपये. बेळगावपर्यंत टेंपो, 2,400. बाजारात बसायच्या जागेचे 600. हे झाले 7,200. एकही माठ विकला नाही तरी जाणारे. शिवाय माती, मळणी, मजुरी मिळून प्रत्येक माठामागे 60. विक्री 150ला.

घाईत कुणीही 7,200ला 150नं भागतं. उत्तर येतं 48. पण आलेल्या दीडशेतले साठ त्या माठानं आधीच खाल्लेले असतात. हाताशी उरतात 90. म्हणून माठांची संख्या क्ष धरायची. (बाराव्या शतकात भास्कराचार्य अज्ञाताला ‘यावत्तावत्’ म्हणत आणि नुसतं ‘या’ लिहीत. क्षपेक्षा ते बरं होतं, असं आमचं मत.) आलेला पैसा एका बाजूला, गेलेला दुसऱ्या बाजूला, आणि मध्ये बरोबरचं चिन्ह:

150क्ष = 7,200 + 60क्ष

60क्ष डावीकडे आणले की 90क्ष = 7,200. क्ष = 80.

पुस्तकातलं गणित इथं संपतं. वही मिटायला हरकत नव्हती.

(दृश्य: उघडलेली भट्टी. राखेतून एकेक माठ बाहेर येतोय.)

बाई प्रत्येक माठावर बोटानं टिचकी मारतात. पक्का भाजलेला खणकन वाजतो. बद्द आवाज आला की तो बाजूला. वरून काही दिसत नाही, पण आत चीर गेलेली असते. माठ आतून ओला राहिला असेल तर आचेला त्या पाण्याची वाफ होते आणि ती वाट फोडून बाहेर पडते. कधी एका अंगाला जाळ जास्त लागतो. धरून चला, पाचातला एक जातो.

“ऐंशी म्हणालास न्हवं? फुटक्याला कोण पैसे देतंय?” आई विचारते.

मुलाला वाटतं, सोपं आहे. ऐंशी विकायचे तर शंभर भाजू. वीस गेले, ऐंशी उरले. पडताळून बघू. विक्रीचे 12,000. खर्च 7,200 अधिक शंभर माठांचे 6,000, म्हणजे 13,200. अजून 1,200चा खड्डा! कारण तडकलेल्या वीस माठांनीही आपापले साठ रुपये घेतलेत. विक्रीच्या बाजूला ते नाहीत, खर्चाच्या बाजूला मात्र आहेत. नेमकं हेच समीकरणात उतरवायला हवं. क्ष म्हणजे आता विकलेले नव्हे, भाजलेले माठ. पाचातले चार विकले जातात, म्हणून भाजलेल्या प्रत्येक माठामागे विक्री पडते दीडशेचे चार पंचमांश, 120 रुपये.

120क्ष = 7,200 + 60क्ष
60क्ष = 7,200
क्ष = 120

96 विकले, 14,400 आले. 120 भाजले, 14,400 गेले. जुळलं.

(दृश्य: बेळगावचा बाजार.)

इथं कुणी “केवढ्याला?” विचारतं, कुणी कानडीत “एष्टु?” पण दीडशे ऐकल्यावर दोघांचाही चेहरा सारखाच होतो. पंधरा रुपये सोडा, म्हणतात. सोडले तर? 135चे चार पंचमांश 108. त्यातून 60 गेले, उरले 48. 7,200 भागिले 48, म्हणजे 150 माठ. भाव दहा टक्क्यांनी उतरला आणि माठ तीस वाढले.

आणि भट्टीत एका वेळी मावतात 140.

म्हणजे या भावानं, या भट्टीत, माठ कितीही खपले तरी पैसा निघणार नाही. मुलगा पान उलटतो. आता माठ ठरलेले आणि भाव अज्ञात. 140 भाजले, 112 विकले. खर्च 7,200 अधिक 8,400, म्हणजे 15,600.

112क्ष = 15,600

क्ष येतो 139 रुपये आणि वर काही पैसे. “आई, एकशेचाळीसच्या खाली द्यायचा नाही बघ.”

“मग एकशेसाठ सांगू की,” आई म्हणते. “तेव्हा कुठं दीडशेला येतंय गिऱ्हाईक.”