एका तासाची सात वर्षं

(पडद्यावर: पाण्याचा ग्रह)

घोट्यापर्यंत पाणी. लांबवर जो डोंगर दिसतोय, ती लाट आहे.

क्रिस्टोफर नोलन यांचा २०१४ सालचा 'इंटरस्टेलर'. या ग्रहावर एक तास काढला की पृथ्वीवर सात वर्षं उलटतात. ही अट नोलन यांची. चित्रपटाचे विज्ञान सल्लागार, अमेरिकेतल्या कॅल्टेक या संस्थेचे भौतिकशास्त्रज्ञ किप थॉर्न यांना ती आधी अशक्य वाटली. मग ते गणिताला बसले आणि वाट सापडली. ग्रह ज्याच्याभोवती फिरतो ते कृष्णविवर दहा कोटी सूर्यांच्या वस्तुमानाचं हवं, स्वतःभोवती जवळजवळ कमाल वेगानं गरगरणारं हवं आणि ग्रह त्याच्या अगदी काठाशी हवा. गुरुत्वाकर्षण जितकं जबर तितका काळ संथ, या आइन्स्टाइनच्या सिद्धांतात मग ही अट बसते.

(पडद्यावर: गार्गांटुआ)

हे ते कृष्णविवर. जरा निरखून बघा. काळ्या गोलासमोरून आडवी गेलेली तप्त वायूची तेजस्वी चकती, आणि तिचीच एक कमान वरून. ही कमान म्हणजे चकतीचा मागचा भाग. तो खरं तर गोलाआड दडायला हवा. पण तिथून निघालेला प्रकाश गुरुत्वाकर्षणानं वाकतो आणि वरून वळसा घेऊन आपल्यापर्यंत पोचतो. नेहमीचं ग्राफिक्स सॉफ्टवेअर प्रकाश सरळ रेषेत जातो असं धरून चालतं, त्यामुळे इथे ते निरुपयोगी. थॉर्न यांनी समीकरणं लिहून दिली, लंडनच्या 'डबल निगेटिव्ह' स्टुडिओत ऑलिव्हर जेम्स यांच्या चमूनं त्यावरून नवा प्रोग्रॅम लिहिला. काही फ्रेम तयार व्हायला तर शंभर-शंभर तास लागले.

एक सूट मात्र घेतली. चकती इतक्या वेगानं फिरते की तिची आपल्याकडे येणारी बाजू झळाळती आणि दूर जाणारी मंद दिसायला हवी. प्रेक्षक गोंधळेल म्हणून नोलन यांनी तो फरक ठेवला नाही. २०१९ मध्ये एम८७ दीर्घिकेतल्या कृष्णविवराची पहिली प्रतिमा आली, तिच्यात एक बाजू खरोखरच जास्त उजळ आहे.

(पडद्यावर: ग्रहावरून यानात परतलेला नायक कूपर)

यानात थांबलेल्या सोबत्याच्या दाढीत पांढरे केस आलेत. पृथ्वीवरून तेवीस वर्षांचे निरोप येऊन पडलेत. विज्ञान कोरडं असतं म्हणणाऱ्यांनी हा प्रसंग पाहावा. इथे कुणी खलनायक नाही. बापलेकीची ताटातूट केली ती मघाच्या त्या गणितानं.

(निवेदन नाही. कूपरची लेक मर्फ हिचा निरोप पूर्ण ऐकू द्यावा.)

(पडद्यावर: औंढा नागनाथ परिसर)

थॉर्न यांना २०१७ चं नोबेल विभागून मिळालं ते लायगो ही वेधशाळा आणि गुरुत्वीय लहरींच्या, म्हणजे अवकाश-काळात उठणाऱ्या तरंगांच्या, शोधासाठी. लायगोची भारतातली वेधशाळा इथेच, हिंगोली जिल्ह्यात व्हायची आहे. काटकोनातल्या दोन भुजा, प्रत्येकी चार किलोमीटरची. मराठवाड्यातल्या शाळाशाळांत हा चित्रपट दाखवायला हवा, आणि तो संपला की गणिताच्या शिक्षकांनी त्या एका तासाचा हिशेब फळ्यावर मांडायला हवा.